त्याग नव्हे, नोकरी

२८ मार्च १८८८ रोजी दहा इंग्रज परिचारिका मुंबई बंदरात उतरल्या. लष्करी इस्पितळांतल्या शुश्रूषेची घडी बसवायला त्यांना बोलावलं होतं. आपल्या लष्करी परिचर्या सेवेची सुरुवात तिथून सांगतात, आणि सांगताना 'ममता', 'त्याग' हे शब्द हमखास येतात. मला त्यांचीच धास्ती वाटते. बाईच्या कामाला त्याग म्हटलं, की पगार, बढती, पेन्शन यांविषयी बोलणारी बाई हावरट ठरते.

पहिल्या महायुद्धात हिंदी परिचारिका भरती झाल्या. १९२६ मध्ये कायमची सेवा उभी राहिली, १९४३ च्या वटहुकमानंतर अधिकाऱ्याचा दर्जा आला. तेव्हा या बायका ब्रह्मदेशापासून इटलीपर्यंत काम करत होत्या. धोका किती होता? १२ फेब्रुवारी १९४४ ला मोम्बासाहून कोलंबोकडे निघालेली 'खेदिव इस्माईल' ही ब्रिटिश बोट जपानी पाणबुडीनं मालदीवजवळ बुडवली. सुमारे तेराशे माणसं गेली. त्यांत ७७ बायका, बहुतेक परिचारिका.

मरताना बाई म्हणून सवलत नाही. नोकरीत मात्र ती आधी बाई! १९७७ च्या लष्करी आदेशात या सेवेतून कमी करण्याची कारणं दिली होती: वैद्यकीय अपात्रता, गैरवर्तन आणि लग्न. लेफ्टनंट सेलिना जॉन यांना १९८८ मध्ये याच आदेशाखाली घरी पाठवलं. नवरा लष्करातच अधिकारी, पण लग्नाचा नियम फक्त बायकांना. तो १९९५ मध्ये मागे घेतला गेला. सेलिनाताईंना मात्र सर्वोच्च न्यायालयाकडून ६० लाखांची भरपाई मिळायला फेब्रुवारी २०२४ उजाडावं लागलं. छत्तीस वर्षं!

काही मैत्रिणी विचारतील, युद्धाला विरोध करणाऱ्या आपण लष्करातल्या बायकांसाठी का भांडायचं? प्रश्न रास्त आहे. मीही अणुचाचण्यांविरुद्धच्या मोर्चात चालले आहे. पण युद्ध नको म्हणणं वेगळं आणि त्यात जखमी झालेल्यांचे घाव धुणाऱ्या बाईच्या हक्कांकडे पाठ फिरवणं वेगळं. शिवाय ही फक्त छावणीतली गोष्ट नाही. आपल्या गटांत खासगी इस्पितळांतल्या कितीतरी परिचारिका येतात. पुढच्या बैठकीला त्यांना नेमणूकपत्रं घेऊन यायला सांगा. लग्न आणि बाळंतपण यांविषयी त्यांत काय लिहिलंय, ते एकत्र बसून वाचू या.