शब्द पालटले, अर्थ कोठे गेला?

‘इंटरनेटवर व्हिडिओ सुरक्षितपणे कसे पाहावेत’ ह्या विषयावर निबंध सांगितला, की कोठलासा तयार मजकूर यंत्राच्या स्वाधीन करावयाचा आणि त्याने पर्यायी शब्द घालून दिलेली प्रत वहीत उतरवावयाची, अशी एक रीत हल्ली रूढ होऊ लागली आहे. ह्यास कोणी चौर्य म्हणेल, आणि ते खोटेही नव्हे. परंतु आमची तक्रार निराळी आहे. अशा पालटाने सूचनाच बिघडते, आणि छापून आलेली सूचना घरातली धाकटी भावंडे व आजीआजोबा खरी मानून चालतात.

समानार्थी शब्द म्हणजे एकाच मापाचे अंगरखे नव्हेत. अमरकोश पाठ करणाऱ्या आमच्या पूर्वजांस पाण्याची पुष्कळ नावे मुखोद्गत होती. तरी तहानलेल्या पाहुण्यास कोणी ‘उदक घ्या’ म्हणत नसे, आणि दानाच्या वेळी हातावर सोडावयाचे ते मात्र उदकच.

आता संकेतस्थळाच्या पत्त्यापाशी दिसणारे कुलूप घ्या. ‘जोडणी सुरक्षित आहे’ एवढेच ते सांगते. आपला मोबाइल आणि ते संकेतस्थळ ह्यांच्यामधला मजकूर वाटेत कोणास वाचता येत नाही, हा त्याचा अर्थ. पलीकडे बसलेला सज्जन की भामटा, ह्याविषयी कुलूप मूक असते. ‘सुरक्षित’च्या जागी ‘विश्वसनीय’ घालून पाहा. शब्द भारदस्त, पण वाक्य साफ खोटे! कुलूप भामट्यासही मिळते. हा गैरसमज इतका पसरला, की २०२३ च्या सप्टेंबरात गूगलने संगणकावरील क्रोममधून ते कुलूपच काढून निराळे चिन्ह बसविले.

‘आपल्यापाशी असलेले ॲप अद्ययावत ठेवा’ ही हिताची सूचना. तिचे ‘नवे ॲप उतरवून घ्या’ असे रूपांतर झाले, तर ती नेमकी फसविणाऱ्याची भाषा होते. फुकट चित्रपटाचे आमिष दाखविणारी कित्येक संकेतस्थळे हेच म्हणतात: आधी हा प्लेअर घ्या, मग चित्रपट दिसेल. चित्रपट दिसो वा न दिसो, त्या वाटेने आपले संदेश आणि ओटीपी वाचणारा परका मोबाइलमध्ये शिरू शकतो. तीच गत २०२१ च्या नियमांतील ‘यू/ए १३+’ ह्या खुणेची. तेरा वर्षांखालील मुलांनी पालकांच्या मार्गदर्शनाने पाहावे, असा तिचा आशय. ‘मुलांसाठी योग्य’ असा नव्हे.

आमच्या बडोद्यास तरी शब्दांची ही काटेकोर निवड परकी नसावी. येथेच सयाजीराव महाराजांच्या कारकिर्दीत, १९३१ साली, ‘श्रीसयाजीशासनशब्दकल्पतरु’ निघाला आणि राज्यकारभारातले शब्द अनेक भाषांत शेजारी शेजारी मांडले गेले. ती शब्दांची आरास नव्हती. कचेरीच्या कागदाचा अर्थ गुजराती वाचणारास एक व मराठी वाचणारास दुसरा लागू नये, ह्यासाठी अशी खटपट लागते.

तेव्हा विद्यार्थिमित्रहो, ह्या विषयावर दहाच ओळी लिहा, पण घरातला मोबाइल समोर ठेवून लिहा. परवानगी कोठे मागितली जाते, ती कशी नाकारावयाची, हे स्वतः पाहून नोंदवा. पडद्यावर ‘ब्लॉक’ असे असेल तर ‘ब्लॉक’च लिहा. तेथे ‘बंद करा’ असे लिहिलेत, तर आजोबा मोबाइलच बंद करून ठेवतील.