पणजीचं माहेरचं नाव विचारा

फुलंब्रीत आणि आसपासच्या गावांत ज्यांच्या घरी नुकतीच लेक आली आहे किंवा येऊ घातली आहे, त्यांना माझी एक विनंती आहे. मोबाइलवर नावं धुंडाळण्याआधी घरातल्या सगळ्यांत म्हाताऱ्या बाईजवळ बसा. तिला तिचं माहेरचं नाव विचारा. तिच्या आईचं विचारा, सासूचंही विचारा.

माझी आजी गेली तेव्हा तिचा धाकटा भाऊ आला आणि दारातच तिला हाक मारून रडला. त्यानं घेतलेलं नाव आमच्यापैकी एकालाही माहीत नव्हतं. ज्या घरात तिनं जन्मभर भाकरी थापल्या, तिथं तिचं जन्माचं नाव कुणी कधी घेतलंच नव्हतं. लग्नात ताटातल्या तांदळावर अंगठीनं दुसरं नाव लिहिलं आणि पहिलं तिथंच मिटलं. रेशनकार्डावर दुसरं, सातबाऱ्यावर दुसरंच. असं आपल्याकडच्या घराघरांत झालं आहे. ते मिटलेलं नाव ठाऊक असणारी माणसंही आता एकेक करून चालली आहेत. पणजी नसेल तर तिच्या माहेरी कुणी भाऊ, भाचा उरला आहे का ते बघा. माहेरच्यांनाच ते आठवतं.

जुनं नाव ठेवलं तर पोरीला शाळेत चिडवतील, ही भीती मी बऱ्याच आयांकडून ऐकते. आज एकेका वर्गात एकाच नावाच्या दोन-तीन मुली असतात. तिथं एखादी केसर, सगुणा किंवा मुक्ता बसली तर बाई तिलाच आधी ओळखतील. इंग्लंड-अमेरिकेतही एमा, अमेलिया ही पणजीच्या काळची नावं नातवंडांच्या पिढीनं पुन्हा उचलली. आपल्याला तर लांब जायचीही गरज नाही. आपल्या तालुक्यातून गिरिजा वाहते, ती पूर्णेला मिळते आणि पूर्णा गोदावरीला. तिन्ही नद्या, तिन्ही मुलींची नावं. कन्नड तालुक्यातल्या देवगावात जन्मलेल्या आणि शिऊरला समाधिस्थ झालेल्या तुकोबांच्या शिष्या संत बहिणाबाई आपल्याच जिल्ह्यातल्या. नुसतं ‘बहिणा’ म्हणून बघा, किती गोड लागतं! मागचं ‘बाई’ लावलंच पाहिजे असं नाही.

पण जुनं ते सगळं उचलू नका. मुलगी नको होती म्हणून ठेवलेली ‘नकोशी’सारखी नावं पुन्हा कुणाच्या वाट्याला येऊ नयेत. 2011 साली सातारा जिल्ह्यात अशा 285 मुलींना समारंभानं नवी नावं द्यावी लागली. धोंडाबाई, दगडाबाई यांचं मात्र निराळं आहे. मुलं जगत नसत, तेव्हा हे लेकरू तरी दगडासारखं टिकावं, त्याला दृष्ट लागू नये, म्हणून आई-बाप असं नाव ठेवत. त्यात माया होती. बदनापूर तालुक्यातल्या धोपटेश्वरच्या दगडाबाई शेळके निजामाच्या रझाकारांशी लढल्या आणि त्या नावाला मराठवाड्यात मान मिळाला. तरीही आजच्या मुलीला ते नाव पेलेल का, हा विचार कराच. घरात असं नाव निघालं तर त्यामागची हकीकत वहीत लिहून ठेवा आणि पाळण्यासाठी दुसऱ्या आजीचं नाव घ्या.

एक अडचण हमखास येते. सासूचं नाव सून तोंडानं घेत नाही. मग पोरीला सगळे ‘छकुली’ म्हणतात आणि खरं नाव कागदावरच राहतं. ते पुन्हा हरवलंच म्हणायचं. यावर उपाय आजीच्याच हातात आहे. तिनं चार माणसांत सांगावं की माझ्या नावानं हिला हाक मारा, हिच्यावर रागवायचं तर रागवा, मला त्याचं काही वाटणार नाही.

कागदाची बाजूही नीट करा. जन्माची नोंद 21 दिवसांत करायची असते, पण नाव ठरलं नसेल तर नावाविना नोंद होते आणि वर्षभरात ते विनाशुल्क घालता येतं. तेव्हा बाराव्या दिवसाच्या घाईत कसंही नाव देऊ नका. 1 ऑक्टोबर 2023 पासून जन्मलेल्यांना शाळाप्रवेशापासून पासपोर्टपर्यंत हाच दाखला लागतो. तुळसा असेल तर ‘ळ’ इंग्रजीत कसा लिहायचा ते एकदा ठरवा आणि सगळीकडे तसंच लिहा. 1 मे 2024 पासून जन्मलेल्या मुलांच्या नावापुढे आधी आईचं आणि मग वडिलांचं नाव येतं. आईचं लग्नात बदललेलं नाव एका कागदावर आणि माहेरचं दुसऱ्यावर, असं तर नाही ना, हे दाखला काढण्याआधी बघा.

बारशाला आत्या कानात नाव सांगेल, तो तिचा मान. पण जिचं नाव आहे ती पणजी हयात असेल तर तिला पाळण्याला टेकून बसवा. आणि तिचा भाऊ असेल तर त्यालाही घुगऱ्या खायला बोलवा.