रेस... चार तळहातांवरची!

बॉस, एक साधी टेस्ट. तुमच्या पीसीवर कार रेसिंगचा गेम आहे? मस्त. आता २०० च्या स्पीडने थेट भिंतीवर धडका. गाडी ठिणग्या उडवत परत ट्रॅकवर आली आणि तरीही तुमचा तिसरा नंबर लागला, तर तो टाइमपास. छान टाइमपास, काही वाद नाही! पण दुसऱ्या जातीच्या गेममध्ये पहिलं वळणसुद्धा धड पार पडत नाही. टायर थंड, ब्रेक जरासा जास्त... आणि गाडी गवतात. याला म्हणतात सिम्युलेशन. आणि ते बनवणं हे जाम डोकेखाऊ काम आहे.

आपल्याला वाटतं, खरेपणा म्हणजे ग्राफिक्स. बॉनेटवर चमकणारं आभाळ, काचेवरचे थेंब वगैरे. ते लागतंच. पण डेव्हलपरची झोप उडवतो तो टायर. धावती गाडी रस्त्याला टेकते फक्त चार ठिकाणी, आणि प्रत्येक ठिकाण जेमतेम आपल्या तळहाताएवढं. ब्रेक, वळण, पिकअप... सगळं या चार तळहातांत भागवायचं. अगदी आपल्या पगारासारखं! सगळी ग्रिप ब्रेकवर उडवली की वळायला काही शिल्लक राहत नाही. पावसात काशीमीऱ्याच्या सिग्नलला बाइकचा ब्रेक करकचून दाबूनही सरळ पुढेच गेलेल्यांना हे वेगळं सांगायला नको.

टायर थोडा घसरायला लागला की ग्रिप आधी वाढते, एका टोकाला पोचते आणि मग उतरते. हा चढ-उतार मांडणारं एक समीकरण डच संशोधक हान्स पाचेका यांच्या नावाने ओळखलं जातं. त्याचं लाडकं नाव ‘मॅजिक फॉर्म्युला’. कितीतरी सिम्युलेशन्स त्यावर उभी आहेत. ‘असेटो कोर्सा’ हा इटालियन गेम गाडीचा हिशेब सेकंदाला ३३३ वेळा करतो. तेवढ्या वेळात साध्या स्क्रीनवर चित्रं बदलतात फक्त ६०! एवढा आटापिटा कशाला? तर खऱ्या गाडीत ड्रायव्हरला घसरण कळते ती सीटमधून, पाठीतून. घरातली खुर्ची मात्र ढिम्म. त्यामुळे ती सगळी खबर स्टीअरिंगमधल्या मोटरने हातांना द्यायची. पुढचे टायर हात टेकायच्या जरासं आधी स्टीअरिंग हलकं झालं पाहिजे. नंतर झालं तर उपयोग काय? गाडी गवतातच!

या धंद्याचा आपल्याशी काय संबंध म्हणाल, तर पुण्याकडे बघा. ‘कोडमास्टर्स’ ही फॉर्म्युला वनचे गेम्स बनवणारी ब्रिटिश कंपनी. २०१० मध्ये रिलायन्सच्या मनोरंजन कंपनीने तिचा ५० टक्के हिस्सा घेतला. कंपनीचा एक आर्ट स्टुडिओ पुण्यात होता. २०२१ मध्ये ‘ईए’ने ही कंपनी सुमारे १.२ अब्ज डॉलर्सना विकत घेतली. तिच्याच ‘एफ१ २०११’ या गेममध्ये ग्रेटर नोएडाचा ५.१२५ किलोमीटरचा बुद्ध सर्किट आला. गेम सप्टेंबरमध्ये बाजारात, आणि खरी शर्यत ३० ऑक्टोबरला! म्हणजे आपल्या पोरांनी घरबसल्या तिथे गाडी पळवली ती व्हेटेलच्या आधी. २०१३ नंतर भारतातली ती शर्यत बंदच पडली. त्या तीन वर्षांच्या गेम्समध्ये मात्र ती अजून चालू आहे.

बंगळुरूच्या ‘ध्रुव इंटरॅक्टिव्ह’नेही ‘फोर्झा’साठी काम केलंय. सॉलिड काम! पण एक गोष्ट खटकते. आपल्याकडे बहुतेक वेळा येतं ते गाडीचं रूप घडवायचं काम. गाडी वागेल कशी, हे ठरतं तिकडे.

आमच्या भाईंदरच्या सोसायटीतल्या एका मित्राला नेमकं हेच वागणं बनवायचंय. शिक्षण मेकॅनिकल, नोकरी मालाडला सॉफ्टवेअर टेस्टिंगची. रात्री ११ ते १ डायनिंग टेबलला स्टीअरिंग क्लॅम्प करून बसतो. घोडबंदर रोडवरचा काजूपाड्याचा उतार त्याने कॉम्प्युटरवर उभा केलाय. बनवायची आहे रॅलीची गाडी, पण पहिल्यांदा घेतला चक्क टेम्पो!

“टेम्पो का रे?” मी विचारलं.

“अगं, रेस कार मी कधी चालवलीच नाही. बरोबर झालीय की नाही, कसं कळणार? टेम्पोचा साक्षीदार घरात आहे.”

साक्षीदार म्हणजे त्याचे बाबा. वीस वर्षं त्याच रस्त्यावर टेम्पो चालवलेले. काकांनी चष्मा पुसला, स्टीअरिंग धरलं, उतारावर ब्रेक मारला आणि म्हणाले, “रिकामा आहे ना टेम्पो? मग असा सरळ नाही घसरत तो. पावसात मागून फिरतो.”

संपलं! पोराला आठवडा लागला चूक शोधायला. रिकाम्या गाडीलाही त्याने मागच्या चाकांवर भरलेल्या मालाचं वजन दिलं होतं. दुसऱ्यांदा बसल्यावर टेम्पो मागून फिरला, आणि काकांनी काही विचार न करता स्टीअरिंग उलटं मारलं. बोलले काहीच नाहीत. हात बोलले.

नोकरी त्याने सोडलेली नाही. घराचा हप्ता आहे, आणि आई रोज विचारते, “यातून मिळणार काय?” उत्तर त्याच्याकडे नाही. वर्षभरात रॅलीची गाडी उभी करायची आणि मग ठरवायचं, एवढंच त्याने आईला कबूल केलंय. हा वेडेपणा वाटत असेल तर ऐका. ‘लाइव्ह फॉर स्पीड’ हे नावाजलेलं सिम्युलेशन फक्त तिघांनी बनवलं. फॉर्म्युला वनचा एक गाजलेला गेम नव्वदच्या दशकात मुख्यतः एकट्या जेफ क्रॅमंडने लिहिला.

तुमच्याही डोक्यात हा किडा असेल, तर दोन फंडे. ‘असेटो कोर्सा’मध्ये स्वतःची गाडी, स्वतःचा ट्रॅक घालता येतो. सुरुवात तिथे करा, रिझाइन नंतर. आणि गाडीचा रंग बघून वॉव म्हणणारे दहा मित्र मिळतीलच. पण “हे असं नाही घसरत” म्हणणारा एखादा टेम्पोवाला काका आधी गाठा!