मैदान मारले, पण वही कोणाच्या हाती?

राबणाऱ्यांच्या पोरांना अंगात रग असते, डोक्यात अक्कल नसते. त्यांनी हात चालवावेत आणि विचार करण्याचे काम वरच्या वर्गावर सोपवावे, हा उपदेश आमच्या बहुजनसमाजाने पिढ्यान्‌पिढ्या ऐकला आहे. असा उपदेश करणारे लोक आपल्याच देशात निपजतात असे मात्र नाही. ज्या अमेरिकेतील सदाचारी लोकांनी गुलामांना मुक्त केले म्हणून जोतीरावांनी १८७३ साली आपला ‘गुलामगिरी’ ग्रंथ त्यांना आदराने अर्पण केला, त्याच अमेरिकेत सहा वर्षांनी, म्हणजे १८७९ साली, दुसऱ्याच एका समाजाला दाबात ठेवणारी शाळा निघाली. त्या शाळेच्या फुटबॉल संघाची हकीकत आम्ही आज वाचकांपुढे ठेवीत आहो. तीत आपल्या घरच्या मुलांसाठी घेण्याजोगा धडा आहे.

शाळेचे नाव कार्लाइल. पेनसिल्व्हेनिया प्रांतातील जुन्या लष्करी बराकींत प्रॅट नावाच्या लष्करी अधिकाऱ्याने ती काढली. विद्यार्थी कोण? त्या भूमीचे मूळ धनी, ज्यांना गोरे लोक ‘इंडियन’ म्हणत. मुलांना आईबापांपासून शेकडो कोस दूर आणावयाचे, केस कापावयाचे, नावे बदलावयाची, मायबोली तोंडातून काढू द्यावयाची नाही, हा तेथला शिरस्ता. अर्धा दिवस पुस्तक आणि अर्धा दिवस सुतारकी, लोहारकी, जोडे शिवणे, शिवणकाम. उन्हाळ्यात मुले गोऱ्यांच्या शेतांवर व घरांत राबावयास पाठवीत. हुन्नर शिकणे वाईट असे आम्ही कधीच म्हणणार नाही. पण हुन्नरापलीकडे तुझी धाव नाही, असे मुलाच्या मनावर बिंबविणे याला आम्ही शिक्षण म्हणत नाही.

अशा या शाळेने फुटबॉलचा संघ उभा केला. अमेरिकेतला हा खेळ आपल्याकडच्यासारखा नव्हे. चेंडू काखेत मारून विरुद्ध पक्षाच्या हद्दीपलीकडे न्यावयाचा आणि समोरच्यांनी झेप घालून त्याला लोळवावयाचे. हुतूतू आणि कुस्ती एकत्र केल्यासारखा हा प्रकार. आधी त्यात अंगाच्या वजनालाच मोल होते. भारी गडी एकमेकांना बिलगून मुसंडी मारीत आणि हलके गडी चिरडले जात. १९०६ साली नियम बदलले आणि चेंडू पुढे फेकण्यास मोकळीक मिळाली. कार्लाइलची मुले अंगाने हलकी, पण पायाने चपळ आणि डोक्याने तल्लख. पुढल्याच वर्षी, १९०७ साली, त्यांनी पेनसिल्व्हेनिया विद्यापीठाच्या बलाढ्य संघाला २६ विरुद्ध ६ असे हरविले. नियम सर्वांना सारखा झाला, तेव्हा अक्कल कोणाकडे आहे ते साऱ्या देशाने पाहिले.

१९११ साली त्यांनी हार्वर्डला १८ विरुद्ध १५ असे नमविले. हार्वर्ड म्हणजे तेथील श्रीमंतांचे आणि विद्वानांचे माहेरघर! १९१२ च्या हंगामात चौदा सामन्यांपैकी बारा जिंकले, एक बरोबरीत सुटला, एकच हरला. त्याच वर्षी ९ नोव्हेंबरला सामना झाला वेस्ट पॉइंटला, जेथे अमेरिकेच्या फौजेचे अधिकारी तयार होतात. बावीस वर्षांपूर्वी, १८९० च्या डिसेंबरात, त्याच फौजेने वुंडेड नी येथे बायकापोरांसह दीडशेहून अधिक मूळ रहिवासी मारले होते. आता ही मुले त्या फौजेच्या अंगणात उतरली, आणि २७ विरुद्ध ६ असा सामना जिंकून परतली. हरलेल्या संघात आयझेनहॉवर होते, जे पुढे अमेरिकेचे अध्यक्ष झाले.

आमचे काही वाचक म्हणतील, “झाले की मग! पोरांनी नाव काढले, आणखी काय पाहिजे?” वाचकहो, घाई करू नका. खळ्यावर रास दिसली म्हणजे धान्य कणगीत पडले असे होत नाही, हे शेतकऱ्याला कोणी सांगावे लागत नाही.

सामन्यांना लोटणाऱ्या गर्दीच्या तिकिटांचा पैसा शाळेच्या खेळफंडात जमा होई. त्याची वही मुलांच्या हाती नव्हती. ती होती अधिकाऱ्यांच्या आणि वॉर्नर नावाच्या शिक्षकाच्या हाती. वॉर्नर खेळ शिकविण्यात निष्णात, यात वाद नाही. पण अखेर मुलांनाच तोंड उघडावे लागले. संघातील गस वेल्च या खेळाडूने पुढाकार घेतला, अडीचशेहून अधिक विद्यार्थ्यांनी सह्या केल्या, आणि १९१४ साली अमेरिकन काँग्रेसची चौकशी बसली. फंडाचे व्यवहार, मारहाण, वॉर्नरची शिवीगाळ, सारे तीत बाहेर आले. मुख्याधिकाऱ्याला जावे लागले. वेल्चच्या पायांनी सामने जिंकले हे खरेच; पण त्याच्या लेखणीने जे केले ते आम्हास अधिक मोलाचे वाटते.

संघाचा शिरोमणी जिम थॉर्प. त्याने १९१२ च्या उन्हाळ्यात स्टॉकहोमच्या ऑलिंपिकमध्ये दोन सुवर्णपदके मिळविली. पूर्वी सुट्टीत थोडा मोबदला घेऊन तो बेसबॉल खेळला होता, एवढ्या कारणावरून १९१३ साली ती काढून घेतली. गोऱ्या कॉलेजांतील मुलेही असे खेळत, पण खोट्या नावांनी. थॉर्प आपल्या खऱ्या नावाने खेळला, एवढाच त्याचा भोळेपणा. तक्रारीची तीस दिवसांची मुदत उलटून गेली होती, तीही कोणी पाहिली नाही. आणि ज्यांनी त्याच्या खेळावर नाव कमावले, त्यांनी आम्हास काही ठाऊकच नव्हते म्हणून कानांवर हात ठेवले. थॉर्प १९५३ साली वारला; एकमेव विजेता म्हणून त्याचे नाव पुन्हा लागले २०२२ साली!

शाळा १९१८ साली बंद पडली. मागे मुलांच्या दीडशेहून अधिक थडग्यांची ओळ राहिली. २०१७ पासून त्यांतल्या काहींचे अवशेष नातेवाइकांना परत मिळू लागले आहेत. २०२४ साली अमेरिकेच्या अध्यक्षांनी अशा शाळांबद्दल माफी मागितली. माफी चांगलीच; पण तिच्यासाठी शंभर वर्षे थांबावे लागू नये.

शेतकरी आणि कारागीर बंधूंनो, आपले पोर मैदानात उतरत असेल तर अवश्य उतरू द्या. त्याच्या गळ्यात हार पडला तर आनंदाने पेढे वाटा. परंतु हारावर भुलू नका. त्याच वेळी विचारा: पोर पुढल्या इयत्तेत गेले काय? त्याच्या नावे आलेला पैसा कोणी घेतला? शाळेच्या, तालमीच्या, सोसायटीच्या समितीवर आपल्यातले कोण आहे, आणि त्याला वही वाचता येते काय? आमच्या अंगात जोर आहे हे जगाने केव्हाच कबूल केले आहे. त्या कबुलीने पोट भरत नाही. जोराचा हिशेब ज्याच्या हाती, फळही त्याच्याच पदरी पडते. म्हणून पोराला चेंडू द्या, आणि त्याबरोबर वहीही द्या.