‘सोशिक आई’ ही पदवी मागे घ्या!

सुलोचनाबाईंचे नाव निघाले की आमच्या सीमाभागात एकच शब्द कानी येतो : ‘सोशिक’. ४ जून २०२३ रोजी त्या गेल्या, तेव्हाही श्रद्धांजल्यांत तोच. बाई १९२८ साली जन्मल्या त्या बेळगाव जिल्ह्यातल्या खडकलाटला, म्हणजे आपल्याच मातीत. आपल्याला अभिमान वाटतो हे रास्तच. परंतु गौरव करता करता आपण त्यांना फार लहान करून ठेवले आहे, अशी माझी स्पष्ट तक्रार आहे.

‘मीठ भाकर’ (१९४९), ‘वहिनींच्या बांगड्या’ (१९५३) या चित्रपटांनी त्या घरोघर पोचल्या. पुढे १९५९ साली ‘दिल देके देखो’मध्ये हिंदीवाल्यांनी त्यांना शम्मी कपूरची आई केले. बाई तिशीच्या, आणि चिरंजीव अवघे तीन वर्षांनी धाकटे! नायकाने पन्नाशीतही बागेत गाणी म्हणावीत आणि बाईने तिशीतच केस पिकवावेत, हा धंद्याचा अन्याय. आपण त्याला ‘वात्सल्य’ म्हणून टाळ्या दिल्या.

त्याच वर्षी आलेला बिमल रॉय यांचा ‘सुजाता’ पाहा. अस्पृश्य म्हणून जन्मलेल्या पोरीला घरात वाढवूनही ‘मुलगी’ म्हणायला जीभ न रेटणारी चारू सुलोचनाबाईंनीच उभी केली. ती सोशिक कुठे आहे? ‘मराठा तितुका मेळवावा’ (१९६४) मधली त्यांची जिजाऊ काय रडत बसली आहे?

कोणी म्हणतील, “गुरुजी, ‘मोलकरीण’चे काय?” अहो, १९६३ चा तो चित्रपट आईला स्वतःच्याच घरी भांडी घासायला लावणाऱ्या मुलावर बोट रोखतो! आपण मात्र डोळे पुसले आणि घरी येऊन सुनेला सांगितले, “बघ, अशी सोसणारी बाई असावी.”

हा केवळ सिनेमाचा वाद असता तर मी लेखणी उचललीच नसती. दहावीनंतर मुलीचे नाव काढायला आलेले पालक माझ्यासमोर बसून म्हणतात, “सर, पोरीच्या जातीला शेवटी सोसायचंच असतं.” जुन्या खेड्याच्या ओढीत गुंडाळून आपण हेच विष पोरींना पाजतो आणि त्यावर खडकलाटच्या लेकीचा फोटो चिकटवतो.

ती लेक तर खेडे सोडून कोल्हापुरात भालजी पेंढारकरांच्या हाताखाली शिकली, जवळजवळ अर्धे शतक स्वतःच्या कष्टाची कमाई खात राहिली, १९९९ साली पद्मश्री झाली, २००९ चा महाराष्ट्रभूषण पुरस्कार मिळवून गेली. तिचा आदर्श ठेवायचाच असेल तर मुलींना अश्रू शिकवू नका. त्यांचे नाव शाळेच्या पटावर राहू द्या!