मान टाकली म्हणून तांब्या उचलू नका!

2023 च्या जुलैत टोमॅटोने किलोला शंभरी ओलांडली आणि आमच्या सोसायटीतल्या कितीतरी गॅलऱ्यांमध्ये टोमॅटोच्या कुंड्या आल्या. माझ्याही. पुढे भाव उतरले, पण हौस राहिली. यंदा फेब्रुवारीत मी 8 रोपं लावली. मार्च संपेपर्यंत त्यातली 5 गेली. पाण्यावाचून नव्हे हं, पाण्यानं!

झालं असं, की दुपारच्या उन्हात रोपं माना टाकायची. ते काही बघवायचं नाही. मग घाल तांब्याभर पाणी. सकाळचं वेगळं, संध्याकाळचं वेगळं. खालची पानं पिवळी पडली, तसं मी पाणी वाढवलं. आमच्याकडे कामाला येणाऱ्या मावशी जुन्नरकडच्या, माहेरी टोमॅटोचं शेत. त्या एक दिवस म्हणाल्या, "ताई, कशाला वतताय सारखं? आधी बोट घालून बघा की मातीत." घातलं. खाली नुसता चिखल, वर आंबूस वास.

मुळांना पाण्याइतकीच हवाही लागते. माती सतत ओली राहिली की ती गुदमरतात, कुजतात आणि पाणी ओढेनाशी होतात. म्हणजे बुडालेलं रोप तहानलेल्यासारखंच दिसतं, आणि आपण आणखी ओततो! दुपारी मान टाकणं तर बहुतेक वेळा साधं असतं. पानांतून पाणी उडतं, त्या वेगानं मुळं पुरवू शकत नाहीत. ऊन उतरलं की रोप आपोआप ताठ होतं. सकाळीही ते मलूल असेल, तरच काळजी करायची.

तेव्हा मैत्रिणींनो, दोन पेरं बोट मातीत घाला. कोरडं लागलं तरच पाणी. पण मग खालच्या भोकातून निथळेपर्यंत, सकाळी, बुंध्याशी. पानांवर शिंपडू नका, करपा तिथेच फावतो. मातीवर वाळका पाचोळा पसरला की ओल टिकते. बशीत साठलेलं पाणी ओतून द्या, नाहीतर डेंग्यूचे डास आपणच पाळल्यासारखं होईल.

चार दिवस कोरडं आणि पाचव्या दिवशी बादलीभर, हेही नको. त्यानं फळं तडकतात. फळाचा तळ काळा पडतो तोही बरेचदा यामुळेच. पाणी अनियमित झालं की फळापर्यंत कॅल्शियम पोचत नाही. लोक उगाच औषधं मारत बसतात.

माती बेताची ओली आणि तरी हिरवंगार रोप एकदोन दिवसांत कोसळलं, तर मात्र मर रोगाची शंका घ्या. बुंध्याजवळचा तुकडा कापून स्वच्छ पाण्याच्या ग्लासात धरा. दुधाळ धागा उतरला तर तो जिवाणूंचा. त्यावर इलाज नाही. रोप मुळासकट काढा आणि त्या मातीत वांगी, मिरचीसुद्धा लावू नका.

मला जास्त बोचलं ते वेगळंच. सोसायटीत उन्हाळ्यात टँकर येतो, भांड्यांचं पाणी आम्ही जपून वापरतो, आणि मी मात्र मायेपोटी बादल्या ओतून रोपं मारत होते. रोपवाटिकेतही 'रोज दोनदा घाला' एवढंच सांगितलं होतं. किती मोठी कुंडी, कसली माती, कुणी विचारलं नाही. मीही नाही.

उरलेल्या 3 रोपांना आता बोटाला विचारून पाणी मिळतं. दुपारी ती अजूनही माना टाकतात. मी गॅलरीचं दार लावून घेते.