सिनेमा शिकवणारं पुस्तक हवंय

दादासाहेब फाळके सिनेमा बऱ्याच अंशी पुस्तकातून शिकले, ही गोष्ट आपण फारशी सांगत नाही. त्यांनी गिरगावात ख्रिस्ताच्या आयुष्यावरचा चित्रपट पाहिला आणि मग ध्यास घेतला, इथपर्यंतचं सगळ्यांना पाठ असतं. पण त्यानंतर त्यांनी सेसिल हेपवर्थ या इंग्रज गृहस्थाचं सिनेमाच्या तंत्रावरचं छोटंसं पुस्तक मिळवलं, त्याची पारायणं केली, आणि १९१२ साली लंडनला गेले तेव्हा त्या हेपवर्थचीच गाठ घेऊन आले. पुढे १९१७-१८ मध्ये 'नवयुग' मासिकात त्यांनी स्वतः चित्रपटाच्या धंद्यावर आणि तंत्रावर मराठीत लेखमाला लिहिली. म्हणजे सिनेमा कसा होतो हे मराठीत सांगायला सुरुवात होऊन शंभरावर वर्षं झाली.

मग आज एखाद्या एकोणीस वर्षांच्या मुलाने "मॅडम, मराठीत एखादं पुस्तक सांगा ना" म्हटलं की माझी पंचाईत का व्हावी?

नातेवाईक मंडळींना माहीत आहेच, पण इतरांसाठी सांगते. गेली काही वर्षं मी मराठवाड्यातल्या एका कॉलेजात आठवड्यातून एकदा चित्रपट रसास्वादाचा तास घेते. मुलं बहुतेक मराठी माध्यमातली. सिनेमा पाहून झाला की काय बोलतात! 'फँड्री' संपल्यावर वर्गात पाऊण तास भांडण चाललं होतं, शेवटचा दगड नक्की कुणाला मारला यावर. आणि हीच मुलं पेपरात लिहितात, 'मिझ-आँ-सेन ही फ्रेंच संज्ञा असून तिचे पुढील घटक आहेत.' पुढे सहा घटक, गाईडातून उचललेले, सगळ्यांचे सारखे. त्या उत्तरात 'फँड्री' नाही, दगड नाही, मुलगाही नाही. मुलांना सिनेमा कळत नाही असं मुळीच नाही. कळलेलं लिहायचं कसं, हे दाखवणारं पुस्तक त्यांच्या हातात पडलेलं नाही.

मराठीत सिनेमावर पुस्तकं कमी आहेत असं कुणी म्हणू नका. बापू वाटवे यांचं 'एक होती प्रभातनगरी' आहे, शांतारामबापूंचं 'शांतारामा' आहे, हंसा वाडकरांचं 'सांगत्ये ऐका' आहे (त्यावरून बेनेगलांनी १९७७ मध्ये 'भूमिका' काढला). मी ही पुस्तकं आवडीने वाचते आणि पुन्हा वाचेन. पण ती माणसांची पुस्तकं आहेत. कुणी काय सोसलं, कुणाचं कुणाशी बिनसलं, कंपनी कशी उभी राहिली नि कशी मोडली. कॅमेरा तिथेच का ठेवला, हे त्यांत शोधायला जाऊ नये. तो त्यांचा दोष नाही, तो त्यांचा विषयच नव्हता.

जगभर या विषयाला ज्या पुस्तकाने शिस्त लावली ते म्हणजे डेव्हिड बॉर्डवेल आणि क्रिस्टिन थॉम्पसन या अमेरिकन नवरा-बायकोचं 'फिल्म आर्ट', पहिली आवृत्ती १९७९ ची. बॉर्डवेल २०२४ मध्ये गेले. या पुस्तकाचा मोठेपणा मला त्याच्या व्याख्यांत वाटत नाही, चित्रांत वाटतो. तोवर सिनेमाच्या पुस्तकांत बहुधा प्रसिद्धीसाठी काढलेले फोटो छापत. ते शूटिंगच्या वेळी वेगळ्या कॅमेऱ्याने काढलेले, म्हणजे पडद्यावर ती चौकट कधी दिसलेलीच नसते. या दोघांनी प्रत्यक्ष फिल्मच्या पट्टीवरून चौकटी घेतल्या. 'माल्टीज फाल्कन'चा सुरुवातीचा ऑफिसातला प्रसंग त्यांनी शॉटमागून शॉट असा उलगडला आहे. खिडकी कुठे, दार कुठे, कोण कुठे बसलंय आणि कट झाल्यावरही प्रेक्षकाचा गोंधळ का होत नाही. वाचणारा चित्र बघतो, मजकूर वाचतो, पुन्हा चित्र बघतो. शिकणं म्हणतात ते हेच.

पण आमच्या मुलांनी हे वाचायचं म्हणजे डिक्शनरी मांडीवर घेऊन १९४१ सालचा अमेरिकन डिटेक्टिव्हपट समजून घ्यायचा. किंमतही परवडणारी नाही, त्यामुळे झेरॉक्स. आणि झेरॉक्समध्ये काय जातं? नेमकी चित्रं. सगळ्या चौकटी काळ्याकुट्ट. (ही थट्टा नाही, माझ्याकडे आहे तशी एक प्रत.)

मराठीत असं काही होऊच शकत नाही असं म्हणायलाही जागा नाही. अरुण खोपकरांचं 'गुरुदत्त : तीन अंकी शोकांतिका' १९८५ मध्ये आलं, त्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. 'प्यासा', 'कागज के फूल' आणि 'साहब बीबी और गुलाम' या तीन चित्रपटांत उजेड-अंधार काय करतो, चेहऱ्याजवळ गेलेला कॅमेरा काय करतो, गाणं कुठून उगवतं, हे त्यांनी मराठीत लिहून दाखवलं. भाषा कुठे अडली नाही. पण तो एका जाणकाराचा एका दिग्दर्शकावरचा ग्रंथ आहे, पहिल्या वर्षाच्या मुलाला हाताला धरून नेणारं पुस्तक नव्हे. आणि पुण्यातच सतीश बहादूर सरांनी वर्षानुवर्षं 'पथेर पांचाली' बारकाईने शिकवला, देशभर शिबिरं घेतली. त्या तासांतून किती माणसं घडली! पण तास ऐकणाऱ्यापुरता असतो.

मला हवं असलेलं पुस्तक आपल्या सिनेमांतून शिकवेल. 'फँड्री'चंच घ्या. डुकराच्या मागे धावणारं कुटुंब शाळेत राष्ट्रगीत सुरू होताच जागच्या जागी थिजतं. हलती माणसं अचानक स्थिर झाली की चौकटीचं काय होतं, हे याहून चांगलं कुठे शिकवता येईल? पुढे ते डुक्कर काठीला बांधून नेताना मागच्या भिंतीवर आंबेडकर, फुले, सावित्रीबाई यांची चित्रं येतात. नागराज मंजुळे त्यावर एक शब्द बोलायला लावत नाहीत. मिझ-आँ-सेन का काय म्हणतात ते हेच हो! 'कोर्ट'मध्ये काम संपतं, माणसं निघून जातात, एकेक दिवा मालवला जातो आणि कॅमेरा तिथेच थांबून राहतो. शॉट किती वेळ ठेवायचा, हा अख्खा धडा तिथे आहे. आणि 'संत तुकाराम'! १९३६ सालचा. त्यातली जिजाई आजारी पोराला घेऊन देवळात जाते, हातात पायताण, थेट पांडुरंगाला मारायला निघालेली. तुकाराम संथ, जिजाई वादळ, आणि दोघं एकाच घरात. या चित्रपटातल्या समोरासमोर मांडणीवर गीता कपूर यांनी फार मोलाचं लिहिलंय, पण इंग्रजीत. तुकारामाबद्दल इंग्रजीतून वाचायचं, आता काय बोलणार!

शब्दांचं म्हणाल तर माझं मत स्पष्ट आहे. सेटवर ज्याला ट्रॉली म्हणतात त्याला पुस्तकातही ट्रॉलीच म्हणा. शॉट, कट, क्लोजअप, लायटिंग हे आता मराठीच शब्द आहेत. परिभाषा कोशातून जड शब्द काढून आणले की मुलं पुन्हा पाठांतराकडे वळतात.

एका प्रकाशकांशी या विषयावर बोलले होते. ते म्हणाले, चित्रं काढून टाका, छपाईचा खर्च निम्म्यावर येईल. चित्रं काढली तर उरतं ते गाईडच. दुसरी एक मैत्रीण म्हणते, यूट्यूबवर सिनेमा उलगडून दाखवणारे इतके व्हिडिओ आहेत, पुस्तक हवंय कुणाला? व्हिडिओ मीही बघते, काही फार सुंदर असतात. पण त्यात बोलणारा आपल्या वेगाने पुढे जातो आणि आपण मान डोलावत त्याच्यामागे. पुस्तक उघडं ठेवून सिनेमा थांबवता येतो आणि "छे, मला नाही असं दिसत" असं म्हणता येतं. पूर्वी सिनेमा पुन्हा बघायला मिळणंच कठीण होतं, तेव्हा पुस्तकाला वर्णनावर भागवावं लागे. आता सिनेमा खिशात आहे, तर हे पुस्तक लिहिणं उलट सोपं झालंय.

तोवर मी एक उद्योग सुरू केलाय. यंदा वर्गाला पेपराच्या तयारीऐवजी काम दिलंय. आवडत्या मराठी चित्रपटातल्या पाच चौकटी निवडायच्या आणि प्रत्येकीवर दहा ओळी लिहायच्या, पण 'घटक' हा शब्द वापरायचा नाही. :) त्यातलं बरं निवडून वीसेक पानं होतील असं वाटतंय. चित्रं दिसतील अशा चांगल्या कागदावर छापून घेणार आहे. कुणाला हवी असतील तर कळवा, पुण्याच्या मंडळींसाठी चार प्रती माईआत्याकडे ठेवून देईन.